शंभर मीटरच्या यादीत घर कुठे आहे?

हैदराबादच्या नामपल्ली भागात आबकारी भवन आहे. तेलंगणाच्या दारूबंदी व उत्पादन शुल्क आयुक्तांचे हे मुख्यालय. खात्याच्या नावात दारूबंदी आधी येते, महसूल नंतर. कारभार मात्र उलट्या क्रमाने चालतो, हे दर दोन वर्षांनी निघणाऱ्या सोडतीत दिसते. २०२३ च्या सोडतीत राज्यातल्या २,६२० दुकानांसाठी १ लाख ३१ हजारांहून अधिक अर्ज आले होते. प्रत्येक अर्जामागे परत न मिळणारे दोन लाख रुपये. एकही बाटली विकली जाण्याआधी सरकारच्या तिजोरीत २,६०० कोटींहून अधिक रक्कम पडली. २०२५ मध्ये हे शुल्क तीन लाखांवर गेले. अर्ज कमी झाले, ९५ हजारांच्या घरात आले, तरी जमा रक्कम २,८०० कोटींच्या पुढे गेली. या सोडतीतली दुकाने १ डिसेंबर २०२५ पासून सुरू झाली आणि त्यांचे परवाने ३० नोव्हेंबर २०२७ पर्यंत चालतील.

या सगळ्या व्यवहारात एका माणसाला कुणी काही विचारत नाही. ज्याच्या दारासमोर हे दुकान येणार, त्याला.

सोडतीत ज्याचा नंबर लागतो त्याला परवाना मिळतो तो एका ठरावीक भागासाठी. त्या भागात नेमका कोणता गाळा घ्यायचा, हे तो नंतर ठरवतो. गल्लीतल्या लोकांना पहिली खबर लागते ती बंद पडलेल्या किराणा दुकानाच्या शटरला नवा रंग लागतो तेव्हा. मग आत फळ्या बसतात, समोर लोखंडी जाळी येते, जाळीत हात जाईल एवढी खिडकी ठेवली जाते. कुणी म्हणते औषधांचे दुकान असेल, कुणी म्हणते मोबाइलचे. ‘वाइन्स’ अशी पाटी चढली की सगळे जागे होतात. तोवर भाडेकरार झालेला असतो, जागेची पाहणी होऊन फाईलवर सही झालेली असते आणि शुल्काचा पहिला हप्ता भरलेला असतो. वीस लाखांहून अधिक लोकवस्तीच्या शहरात एका दुकानाचे वर्षाचे शुल्क १ कोटी १० लाख रुपये आहे. एवढी रक्कम गुंतलेला माणूस रहिवाशांच्या निवेदनावरून मागे फिरणार नाही, आणि ती रक्कम घेतलेले सरकारही त्याला मागे फिरायला सांगणार नाही. म्हणून हरकत घ्यायची ती पाटी चढण्याआधी घेता आली पाहिजे. नेमकी तीच सोय नियमांत नाही.

नियम अगदीच नाहीत असे नाही. प्रार्थनास्थळ, शिक्षणसंस्था आणि रुग्णालय यांपासून शंभर मीटरच्या आत दुकान असू नये, असे तेलंगणाचे नियम सांगतात. ऐकायला पुरेसे वाटते. पण व्याख्या वाचायला घेतल्या की त्यातल्या फटी दिसू लागतात. देऊळ म्हणजे देवस्थान खात्याकडे नोंदलेले देऊळ, मशीद म्हणजे वक्फ मंडळाकडे नोंदलेली मशीद. शाळा म्हणजे सरकारमान्य शाळा, कॉलेज म्हणजे विद्यापीठाशी संलग्न कॉलेज. रुग्णालय सरकारी असले तर प्रश्न नाही, खासगी असेल तर किमान तीस खाटांचे हवे.

हे नामपल्लीच्या जमिनीवर ठेवून पाहावे. रेड हिल्सवरचे मुलांचे नीलोफर रुग्णालय सरकारी आहे, ते या नियमात सुरक्षित आहे. पण आतल्या रस्त्यावरच्या वीस खाटांच्या प्रसूतिगृहाला हे संरक्षण नाही. युसुफैन दर्ग्यासारखे मोठे स्थान साऱ्या शहराला माहीत आहे. गल्लीच्या तोंडाशी असलेले पोचम्माचे छोटे देऊळ, जिथे आषाढात बोनालू घेऊन बायका रांगेने येतात, ते कुठल्या दप्तरात नोंदलेले नसेल तर दुकानाला त्याची अडचण नाही. अंगणवाडी व्याख्येत बसत नाही. संध्याकाळी सहा ते नऊ जिथे दहावी-बारावीची मुलेमुली गर्दी करतात ते शिकवणीचे वर्गही बसत नाहीत. वसतिगृहाचे नाव नाही, वृद्धाश्रमाचेही नाही.

घराचेही नाही. माणूस जिथे झोपतो, मूल जिथे अभ्यास करते, म्हातारी जिथे सायंकाळी दारात बसते, ती जागा शंभर मीटरच्या यादीत आलेलीच नाही. घराच्या भिंतीला भिंत लावून दुकान काढले तरी अंतराच्या नियमाचा भंग होत नाही. सगळ्या तक्रारींचे मूळ इथे आहे. रहिवासी हरकत घेतात ती घराच्या वतीने, आणि कायदा त्यांना विचारतो, जवळ देऊळ आहे का? मग वस्तीतले लोक नाइलाजाने देऊळ, मशीद, शाळा शोधत फिरतात. आपल्या स्वतःच्या त्रासाला कायद्यात जागा नाही म्हणून त्यांना देवाच्या आडून लढावे लागते.

मोजणीची पद्धतही समजून घ्यायला हवी. शंभर मीटर सरळ रेषेत मोजत नाहीत. दुकानाच्या दाराच्या मध्यापासून, पादचारी ज्या जवळच्या वाटेने जातो त्या वाटेने, संस्थेच्या जवळच्या फाटकाच्या मध्यापर्यंत टेप धरायची असते. त्यामुळे शाळेच्या खिडकीतून दुकानाची पाटी वाचता येत असली तरी फाटक पलीकडच्या गल्लीत असेल तर अंतर नियमात बसते. मागचे फाटक वापरात आहे की नाही यावर प्रकरण फिरू शकते. म्हणून ज्या वस्तीला हरकत घ्यायची आहे तिने पहिल्याच दिवशी टेप घेऊन वाट मोजावी, मोजताना फोटो काढावेत, आणि खात्याच्या लोकांनी मोजणी केली तेव्हा कोणते फाटक धरले, कोण हजर होते, याची नक्कल माहिती अधिकारात मागावी. नुसत्या घोषणांपेक्षा या कागदाला कोर्टात जास्त वजन असते.

रहिवाशांचा विरोध ‘संस्कारां’पोटी असतो, असे दुकानवाल्यांचे वकील सुचवतात. शहरातल्या तक्रारी नीट ऐकल्या तर त्यात नीतीचा भाग थोडा आणि रोजच्या जगण्याचा भाग फार मोठा असतो. हैदराबाद महानगराच्या हद्दीत दुकान सकाळी दहा ते रात्री अकरापर्यंत उघडे राहू शकते. तेलंगणात दुकानाला जोडूनच, जादा शुल्क भरून, ‘परमिट रूम’ घेता येते. महाराष्ट्रात परमिट रूम म्हटले की टेबलखुर्च्यांचा बार डोळ्यासमोर येतो. इथे विकत घेतलेली बाटली तिथेच पिऊन संपवण्याची ती जागा असते. ती भरली की लोक फुटपाथवर येतात. मग समोर भजी, उकडलेली अंडी आणि कलेजीची गाडी लागते, दुचाकी दारांपुढे उभ्या राहतात, भिंतींचा मुतारीसारखा वापर होतो. रात्री शिकवणीहून परतणारी मुलगी लांबचा रस्ता धरते, आणि काही दिवसांनी घरचे तिची शिकवणीच बंद करतात. मुलीचे शिक्षण थांबल्याची नोंद आबकारी खात्याच्या कुठल्याही रकान्यात होत नाही. ज्या घरात आधीच पिणारा आहे त्या घरातल्या बाईला तर दुकान कोपऱ्यावर येणे म्हणजे काय, हे समजावून सांगावे लागत नाही. पूर्वी दोन किलोमीटर जाताना कधी आळस आड येत असे, कधी पैसे संपत. आता तो लुंगीवर उतरून घेऊन येतो.

दारूचा धंदा करण्याचा मूलभूत अधिकार कुणालाही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९४ साली खोडे डिस्टिलरीज प्रकरणात स्पष्ट केले. राज्याने परवानगी दिली, घातलेल्या अटी पाळल्या, तरच धंदा. शिवाय राज्यघटनेचे कलम ४७ आरोग्याला घातक मादक पेयांच्या सेवनाला बंदी घालण्याकडे राज्याने वाटचाल करावी असे सांगते. म्हणजे तराजूत एका बाजूला सरकारने दिलेली सवलत आहे आणि दुसऱ्या बाजूला शांतपणे राहण्याचा नागरिकाचा हक्क. तरीही प्रत्यक्षात परवानाधारकाला सुनावणी मिळते, त्याला अपिलाची पायरी मिळते, आणि रहिवाशाला थेट उच्च न्यायालयात रिट घेऊन जावे लागते. वकिलाची फी, तारखा, आणि तोवर दुकान सुरूच.

कोर्टात गेलेल्यांना यश मिळतच नाही असे नाही. कानपूरच्या आझादनगर भागात शाळेजवळच्या दारूच्या दुकानाविरुद्ध बालवर्गातल्या पाच वर्षांच्या मुलाने वडिलांमार्फत अलाहाबाद उच्च न्यायालयात याचिका केली. सरकारचे म्हणणे होते की दुकान जुने आहे, शाळा नंतर आली, म्हणून अंतराचा नियम लागू नाही. मे २०२४ मध्ये न्यायालयाने ते मान्य केले नाही. दुकान आधीचे असले तरी परवान्याची मुदत संपल्यावर दरवेळी नूतनीकरण केलेच पाहिजे असे बंधन सरकारवर नाही, असे सांगून ३१ मार्च २०२५ नंतर परवाना पुढे न वाढवण्याचा आदेश दिला. हा निकाल तेलंगणातल्या रहिवाशांनी जवळ ठेवावा. तिथे परवाना दोनच वर्षांचा असतो, दर दोन वर्षांनी जागेचा प्रश्न नव्याने तपासायला सरकार मोकळे असते.

दुसरा मोठा निकाल महामार्गांचा. १५ डिसेंबर २०१६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने राष्ट्रीय आणि राज्य महामार्गांपासून ५०० मीटरच्या आतली दुकाने हटवायला सांगितली. मार्च २०१७ मध्ये वीस हजारांपर्यंत वस्ती असलेल्या ठिकाणी हे अंतर २२० मीटरवर आले. जुलै २०१७ मध्ये न्यायालयाने खुलासा केला की पालिका हद्दीतल्या दुकानांना हा आदेश आड येत नाही. भरधाव ट्रकचालकाच्या हाती बाटली पडू नये हा हेतू योग्यच होता. पण शहरातल्या रहिवाशाच्या वाट्याला त्यातून काही आले नाही.

महाराष्ट्रातल्या वाचकाला हा प्रश्न परका वाटू नये. इथे पन्नासहून अधिक वर्षे वाइन शॉपचे नवे परवाने दिलेले नाहीत. त्यामुळे नव्या वसाहतीत उघडणारे दुकान बहुधा दुसरीकडून हललेले असते, कधी जुन्या पेठेतून तर कधी दुसऱ्या जिल्ह्यातून. जिथे टॉवर उभे राहतात आणि पगारदार माणूस राहायला येतो तिकडे परवाना सरकतो. चिंचवड-काळेवाडी परिसरातल्या सोसायट्यांतून अशाच तक्रारी आल्या, विधानसभेत लक्षवेधी लागली आणि ११ मार्च २०२५ रोजी तेव्हा उत्पादन शुल्क खाते सांभाळणारे उपमुख्यमंत्री अजित पवार यांनी जाहीर केले की सोसायटीच्या आवारातल्या गाळ्यात बिअर शॉप किंवा दारूचे दुकान आणायचे तर त्या सोसायटीचे ना हरकत प्रमाणपत्र लागेल. दारूबंदीच्या गप्पांपेक्षा हे पाऊल फार उपयोगाचे आहे. दुकान येण्याआधी घरमालकाला विचारण्याचे तत्त्व त्यात आहे. उणीव एवढीच की सोसायटी नोंदलेली हवी. समोरच्या चाळीला, शेजारच्या बैठ्या घरांना त्यात आवाज नाही.

महाराष्ट्राकडे त्याही आधीचे एक हत्यार आहे. २५ मार्च २००८ च्या आदेशाने गावाला आणि शहरातल्या वॉर्डाला मतदानाने दुकान बंद करण्याचा हक्क मिळाला. वॉर्डातल्या २५ टक्के महिला मतदारांनी, किंवा एकूण मतदारांपैकी तेवढ्यांनी, सह्यांनिशी मागणी करायची, सह्यांची पडताळणी व्हायची आणि मग गुप्त मतदान. चिठ्ठीवर दोन चित्रे, उभी बाटली आणि आडवी बाटली. ज्या बायकांना ग्रामसभेत मागच्या रांगेत बसवले जायचे त्या बायका यासाठी उन्हात रांगा लावून उभ्या राहिल्या. पण अट अशी की यादीतल्या निम्म्याहून अधिक मतदारांनी आडव्या बाटलीवर शिक्का मारला पाहिजे, नुसत्या मतदान करणाऱ्यांपैकी नव्हे. यादीतला मयत, लग्न होऊन गेलेली मुलगी, पुण्या-मुंबईला नोकरीला गेलेला, हे सगळे न येताही उभ्या बाटलीच्या बाजूने मोजले जातात. आमदार, खासदार या अटीवर निवडून आणायचे म्हटले तर अनेक जागा रिकाम्या राहतील. बायकांच्या मतदानालाच ही कसोटी का, याचे पटेल असे उत्तर कुठल्याही सरकारने दिलेले नाही.

बाहेरच्या देशांत दारूचे वावडे नाही, तिथेही शेजाऱ्याला विचारतात. इंग्लंडमध्ये २००३ च्या कायद्यानुसार परवान्यासाठी अर्ज करणाऱ्याला जागेवर फिक्या निळ्या रंगाची नोटीस सलग २८ दिवस लावावी लागते, स्थानिक वर्तमानपत्रात जाहिरात द्यावी लागते. कोणीही हरकत घेऊ शकतो. गुन्हे, सार्वजनिक सुरक्षा, उपद्रव आणि मुलांचे रक्षण या मुद्द्यांवर नगरपालिकेची समिती ती ऐकते. न्यूयॉर्क शहरात बारचा अर्ज करण्याच्या तीस दिवस आधी तिथल्या नागरी मंडळाला कळवावे लागते. या दोन्ही ठिकाणी दारू मुबलक मिळते आणि करही भरपूर जमतो. शेजाऱ्याचे ऐकून घेतल्याने तिथल्या सरकारांची तिजोरी रिकामी झालेली नाही.

महसूल बुडेल, दारूबंदी फसते, ही दोन उत्तरे सरकारी बाजूने ठरलेली असतात. दारूबंदीचा अनुभव हैदराबादला आहे. १९९२ मध्ये, तेव्हाच्या अखंड आंध्र प्रदेशात, नेल्लोर जिल्ह्यातल्या दुबगुंटा गावच्या बायका साक्षरता वर्गात एकत्र आल्या आणि त्यांनी सारा, म्हणजे तिथली स्वस्त गावठी दारू, गावात येऊ द्यायची नाही असे ठरवले. त्यांनी लिलाव उधळले, १९९३ मध्ये सारा बंद झाली. १२ डिसेंबर १९९४ रोजी एन. टी. रामाराव यांनी नामपल्लीपासून जवळच असलेल्या लालबहादूर स्टेडियमवर मुख्यमंत्रिपदाची शपथ घेतली आणि तिथेच दारूबंदीच्या फाईलवर सही केली. जानेवारी १९९५ पासून पूर्ण बंदी आली, १९९७ मध्ये ती उठली. चोरटी आयात वाढली होती आणि महसूल आटला होता, हे खरे. महाराष्ट्रात चंद्रपूरची बंदीही २०१५ ते २०२१ एवढीच टिकली. पण नामपल्लीतला रहिवासी राज्यभर बंदी मागत नाही. तो एवढेच म्हणतो की दुकान बाजारपेठेच्या हमरस्त्यावर ठेवा, राहत्या गल्लीत आणू नका. दुकान दोनशे मीटर पुढे गेले म्हणून सरकारचे एका रुपयाचेही नुकसान होत नाही.

एक धोका मात्र खरा आहे आणि त्याकडे रहिवासी संघटनांनी डोळेझाक करू नये. वकील, डॉक्टर आणि निवृत्त अधिकारी राहतात त्या कॉलनीतून हटवलेले दुकान पुढे जाते ते धूलपेट-मंगलहाटच्या बाजूच्या वस्तीत, जिथे निवेदन लिहायला आणि कोर्टात जायला माणसे मिळत नाहीत. मोलकरीण ज्या बंगल्यात भांडी घासते तिथली शांतता वाचली आणि तिच्या झोपडीच्या तोंडाशी परमिट रूम आली, तर हा विजय म्हणायचा कसा? म्हणूनच हक्क सोसायटीच्या नोंदणीवर किंवा कॉलनीच्या ऐपतीवर अवलंबून नको. दुकानापासून ठरावीक अंतरात राहणाऱ्या प्रत्येक कुटुंबाला, मग ते भाड्याच्या खोलीत राहत असो की स्वतःच्या मजल्यावर, तो सारखाच हवा.

यासाठी नवा कायदा करायची गरज नाही. अंतराचे नियम सरकारनेच १९६८ च्या उत्पादन शुल्क कायद्याखाली केलेले आहेत आणि सरकारच एका अधिसूचनेने ते बदलू शकते. सोडतीनंतर निवडलेल्या जागेवर तेलुगू आणि उर्दूत ठळक नोटीस तीस दिवस लावावी. हरकती लेखी घ्याव्यात, संध्याकाळी कामावरून परतलेल्यांना येता येईल अशा वेळी त्या भागातच सुनावणी घ्यावी आणि निर्णयाची कारणे कागदावर द्यावीत. दुकान दुसरीकडून हलवून आणले जात असेल तरीही हीच पद्धत असावी. परमिट रूमची परवानगी वेगळी काढून निव्वळ राहत्या रस्त्यांवर ती देऊच नये.

तोवर हातात जे आहे ते वापरावे. राहत्या इमारतीत व्यापारी वापराची परवानगी आहे का, हे महापालिकेकडे विचारावे. फुटपाथवरचे पिणे आणि रात्रीचा उपद्रव यांच्या तारीखवार नोंदी ठेवून पोलिसांकडे पोच घ्यावी. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १५२ खाली वस्तीच्या आरोग्याला व स्वास्थ्याला बाधक ठरणारा धंदा थांबवण्याचा किंवा हलवण्याचा आदेश कार्यकारी दंडाधिकारी देऊ शकतो, त्याच्याकडे अर्ज करावा. अर्जावर बायकांच्या सह्या आधी घ्याव्यात आणि समोरच्या बस्तीच्याही घ्याव्यात.

पुढची सोडत २०२७ च्या अखेरीस येईल. शंभर मीटरच्या यादीत घर लिहून घेण्यासाठी तेलंगणा सरकारकडे तेवढा वेळ आहे, आणि ही मागणी आतापासून लेखी स्वरूपात आबकारी भवनात नोंदवण्याचे काम रहिवाशांचे आहे.